सारायेव्होत वर्षभर राहायला जातेय: घर, शेजार आणि बोलण्याचालण्याबद्दल कुणी सांगेल का?

मृण्मयी_पाणीवाली

नमस्कार मंडळी,

मी पाणीपुरवठ्यातली इंजिनिअर. जमिनीखालची गळती शोधणं हे माझं काम. येत्या ऑक्टोबरपासून वर्षभराच्या करारावर बॉस्नियात सारायेव्होला जातेय. कामाची मला काळजी नाही, पाइप सगळीकडे सारखेच गळतात. प्रश्न राहण्याचा आहे.

ऑफिसने दोन घरं सुचवली आहेत. एक शहराच्या मध्यभागी, महाग आणि अंधारं. दुसरं दोब्रिन्यात, विमानतळाच्या अंगाला, चौथ्या मजल्यावर. मला दुसरं आवडलंय. मालकीणबाई सत्तरीच्या आहेत आणि त्याच इमारतीत दोन मजले खाली राहतात. नातीला दुभाषी म्हणून शेजारी बसवून त्यांनी व्हिडिओ कॉलवर घर दाखवलं. स्वयंपाकघर, मोरी, कपाटं सगळं उघडून दाखवलं. मग बाल्कनीत आल्या आणि समोरच्या इमारतीची भिंत दिसली. खिडक्यांच्या भोवती गोळ्यांचे खड्डे, काही सिमेंटने बुजवलेले, काही तसेच. मी काही बोलले नाही. त्या म्हणाल्या, "इथे ऊन छान येतं."

बॉस्नियातलं युद्ध १९९५ च्या शेवटी संपलं, मी तेव्हा पाळण्यात होते. त्यामुळे मला जे माहीत आहे ते वाचलेलं. मला विचारायचंय ते असं: लोक या विषयावर बोलतात का? मी विचारलं तर आगाऊपणा होईल का, आणि नाही विचारलं तर कोरडेपणा वाटेल का? आडनावावरून कोण कुठल्या समाजाचा हे तिथे लगेच कळतं म्हणतात, मग मी काय पाळायचं? आणि रोजच्या जगण्यात, म्हणजे पाणी, वीज, बस, बाजार यांत, युद्धाचं काही उरलंय का, की ते आता फक्त पर्यटकांसाठी आहे?

शाकाहारी आहे, हेही सांगून ठेवते.

---

भटक्या_दीपक

मागच्या उन्हाळ्यात जाऊन आलो. सुंदर शहर! मधून मिल्यात्स्का नदी, चारी बाजूंना डोंगर. ट्रेबेविचची रोपवे चुकवू नका. युद्धात ती उद्ध्वस्त झाली होती, ६ एप्रिल २०१८ ला पुन्हा सुरू झाली. वर १९८४ च्या हिवाळी ऑलिंपिकचा बॉबस्लेचा ट्रॅक आहे, आता त्यावर सगळी चित्रं रंगवलेली. बुत्मिरला बोगद्याचं म्युझियम बघा, विमानतळाच्या धावपट्टीखालून १९९३ मध्ये खणलेला. तुमच्या दोब्रिन्यातच त्याचं दुसरं तोंड होतं.

रस्त्यात लाल रंगाचे डाग दिसतील. तोफगोळा पडून माणसं मेली तिथल्या खड्ड्यांत लाल रेझिन भरलंय, त्यांना 'सारायेव्होचे गुलाब' म्हणतात. बोलण्याचं म्हणाल तर गाइड मंडळी भरभरून बोलतात. मला तरी कुणाला विचारताना अडचण आली नाही.

---

शंका_काढणारा

तीस वर्षं झाली हो. मॉल झाले, काचेचे टॉवर झाले, नव्या ट्राम आल्या. अजून 'युद्धातून सावरणारं शहर' कसलं? उगाच त्या लोकांना कायमचं बिचारं करून ठेवायचं. मृण्मयी, तुम्ही नोकरीला जाताय. घर घ्या, काम करा, परत या. एवढा विचार कशाला?

---

मिल्यात्स्काकाठची

मृण्मयी, मी इथे २००४ पासून राहते. नवरा इथलाच, सासूबाई इथल्याच. घर ग्रबावित्सात, म्हणजे तुझ्या दोब्रिन्याहून गावात येणाऱ्या १०३ नंबरच्या ट्रॉलीबसच्या वाटेवर. तेव्हा लांबलचक लिहिते, चहा घेऊन बस.

दीपक, गाइड बोलतात हे खरं. त्यांचा तो रोजगार आहे, आणि त्यातल्या कितीतरी जणांनी ते सगळं स्वतः भोगलंय. पण तुम्ही तिकीट काढून ऐकलंत. मृण्मयीला त्या बाईंच्या जिन्यातून रोज चढायचं-उतरायचंय. तिथे तिकीट चालत नाही.

आधी बोलण्याचं. युद्धाबद्दल विचारू नकोस. लिफ्टबद्दल विचार. पाण्याबद्दल, हीटिंगबद्दल, तळघरातल्या आपल्या कोपऱ्याबद्दल विचार. दहा मिनिटांत युद्ध आपणहून येऊन बसेल, आणि ते त्यांना हवं तेवढंच येईल. आमच्या इमारतीत लिफ्ट बंद पडली की शेजारचे काका तक्रार करत नाहीत, पहिल्या मजल्यावर उभं राहून फुशारकी मारतात की त्र्याण्णव साली दोन्ही हातांत वीस-वीस लिटर घेऊन आपण किती मजले चढायचो. दर वेळी मजले वाढतात. कुणी त्यांना अडवत नाही. त्यांच्या बायकोचं काय झालं हे मात्र ते बोलत नाहीत, आणि मला ते वेगळ्याच शेजारणीकडून, वेगळ्याच कारणाने, फार उशिरा कळलं.

आता "ऊन छान येतं" याबद्दल. हे वाक्य साधं आहे आणि साधं नाहीही. शहराचा वेढा एप्रिल १९९२ ते फेब्रुवारी १९९६ असा जवळजवळ चार वर्षं होता, म्हणजे करार झाल्यावरही तो अधिकृतपणे उठायला वेळ लागला. बॉस्नियन सर्ब सैन्याच्या तोफा डोंगरांवर, शहर खाली वाटीत. ज्या खोलीला छान ऊन, ज्या खिडकीतून डोंगर दिसतो, तीच खोली डोंगरालाही दिसते. माझे सासू-सासरे, नवरा आणि दीर हे सगळे तेव्हा ग्रबावित्सातून हाकलले गेले होते, कारण तो भाग त्याच सैन्याच्या ताब्यात होता, आणि वेढ्याच्या आतल्या चेंगिच विला नावाच्या वस्तीत मावशीच्या घरी राहत होते. त्या घराच्या दक्षिणेकडच्या दोन्ही खोल्या बंद. सात माणसं मधल्या बोळात आणि मोरीत राहायची, झोपायची, स्वयंपाक करायची. नवरा दहा वर्षांचा होता. त्याची शाळा जिन्यात भरायची, कारण जिन्याला बाहेरची खिडकी नव्हती. आज घरांच्या जाहिरातीत 'दक्षिणाभिमुख, डोंगराचा देखावा' म्हणून भाडं जास्त लावतात. सासूबाई ती जाहिरात वाचतात आणि फक्त "हं" म्हणतात. तुझ्या मालकीणबाईंनी काही लपवलं नाही. ऊन येतं हे त्यांना आता मोकळेपणाने सांगता येतं. ते घर घे.

बाकी दोब्रिन्याची वस्ती ऑलिंपिकच्या वेळची. विमानतळाची धावपट्टी शेजारीच आणि पलीकडे आघाडी, त्यामुळे ती वेढ्याच्या आत आणखी एका वेढ्यात सापडली. सुरुवातीला महिनोन्‌महिने उरलेल्या शहराशीही संबंध नीट नव्हता. इमारतींच्या मधल्या हिरवळीवर लोकांनी बटाटे, कांदे, पालक लावला होता. आज तिथे गाड्या लावायला जागा नाही म्हणून भांडणं होतात. ती भांडणं ऐकायला मला फार बरं वाटतं, खरं सांगते.

शंका_काढणारा, तुमचं अर्धं पटतं. बिचारं कुणी नाहीये इथे. सारायेव्होच्या माणसाला कीव केलेली अजिबात खपत नाही, तो उलट तुमचीच टिंगल करेल. परदेशी मदतीतून येणाऱ्या डबाबंद गोमांसाचं त्यांनी २००७ मध्ये चक्क स्मारक उभारलं, भला मोठा डबा, 'आंतरराष्ट्रीय समुदायाला कृतज्ञ नागरिकांकडून' असं काहीसं खाली लिहून. यातली 'कृतज्ञता' त्या डब्याची चव घेतलेल्यांना विचारा.

पण 'अजून कसलं सावरणं' याला माझं उत्तर आहे. भिंती कधीच सावरल्या. व्हियेच्नित्सा, म्हणजे ऑगस्ट १९९२ मध्ये लाखो पुस्तकांसकट जळलेलं ग्रंथालय, २०१४ मध्ये नव्यासारखं उघडलं. उरलंय ते सगळं कागदावर आणि जमिनीखाली आहे. ते फोटोत येत नाही.

जमिनीखालचं तुलाच जास्त कळेल, मृण्मयी. या शहरात सोडलेल्या पाण्यापैकी निम्म्याहून जास्त वाटेतच गळतं. जाळं मुळात जुनं, त्यात चार वर्षं तोफगोळ्यांचे हादरे, आणि नंतर पैसे आले ते आधी दिसणाऱ्या गोष्टींना गेले, कारण खिडकी बसवली की फोटो निघतो, पाइप बदलला की रस्ता उकरल्याबद्दल शिव्या मिळतात. २०१७ च्या आसपास तर शहरातल्या मोठ्या भागात रात्री पाणी बंद ठेवायचे. माझ्या वयाच्या लोकांनी आरडाओरडा केला, पालिकेला शिव्या दिल्या. सासूबाईंनी काही केलं नाही. पलंगाखालून कॅन काढले. ते कॅन तिथेच होते, सगळी वर्षं, धुऊन, झाकणं लावून. वेढ्यात नळ कोरडे, मग लोक दारूभट्टीच्या झऱ्यावर रांग लावायचे. म्हणजे जुनी बिअरची कंपनी आहे बिस्त्रिकमध्ये, तिचा स्वतःचा झरा. त्या रांगांवरही तोफगोळे पडायचे. तेव्हा तुझ्या मालकीणबाईंच्या मोरीत पाच-सहा कॅन भरलेले दिसले तर "हे काढू का, जागा अडते" असं म्हणू नकोस. आणि तू पाण्याच्या कामासाठी आलीयेस हे त्यांना पहिल्याच दिवशी सांग. तुझी इमारतीत किंमत वाढेल, आणि नळाच्या तक्रारीही सगळ्या तुझ्याकडे येतील.

कागदाचं सांगते. डेटनच्या कराराने युद्ध थांबवलं आणि देशाचे दोन भाग केले: एक फेडरेशन, मुख्यतः बोस्नियाक (म्हणजे बॉस्नियन मुस्लिम) आणि क्रोएट लोकांचा, आणि एक रेपुब्लिका स्रप्स्का, मुख्यतः सर्बांचा. ती सीमारेषा तुझ्या दोब्रिन्यातून जाते. नकाशावर ओढलेली रेघ प्रत्यक्षात राहत्या इमारतींच्या अंगावरून गेली होती. एप्रिल २००१ मध्ये एका आयरिश न्यायाधीशाने लवाद म्हणून निकाल दिला तेव्हा कुठे ती सरकली. आज तिथे फाटक नाही, शिपाई नाही. तू ट्रॉलीबसच्या शेवटच्या थांब्यावर उतरून थोडं चाललीस की पाट्यांवर सिरिलिक अक्षरं दिसायला लागतील. तोच पूर्व सारायेव्हो. बेलग्रेडच्या बहुतेक बस तिथल्या स्टँडवरून सुटतात, गावातल्या मुख्य स्टँडवरून नाही. एका गावाला दोन एसटी स्टँड, आणि एकाच्या खिडकीवर दुसऱ्याचं वेळापत्रक विचारलं तर खांदे उडवतात. मोबाइल कंपन्या तीन, तिन्हींची पाळंमुळं वेगवेगळ्या भागांत. राष्ट्राध्यक्षही तीन, एक बोस्नियाक, एक क्रोएट, एक सर्ब, आळीपाळीने खुर्चीवर. सिगारेटच्या पाकिटावर 'धूम्रपान मारतं' हे तीन भाषांत तीनदा छापतात, त्यातले दोन हुबेहूब एकच. आम्ही हसतो, मग पाकीट उघडतो. (धुराची सवय कर. बंद कॅफेतही ओढतात.)

आडनावांचं म्हणालीस ते खरं आहे, कळतं. पण त्यावरून काही ठरवू नकोस. वेढ्यात अडकलेल्यांत सर्बही होते, क्रोएटही होते, मिश्र लग्नं तर घरोघर. आमच्याच जिन्यात एक काकू आहेत, नाव पक्कं सर्ब, चारही वर्षं शहरातच काढली. 'तुम्ही कुठल्या' या प्रश्नाने त्यांना डोंगरावरच्यांच्या पंगतीत बसवल्यासारखं होतं. तू परदेशी आहेस, तुला हे न विचारण्याची सूट आहे. ती वापर.

मार्काले बाजारात भाजी छान मिळते. ५ फेब्रुवारी १९९४ ला तिथे एका तोफगोळ्याने ६८ माणसं मेली. मागच्या भिंतीवर सगळी नावं आहेत. भिंतीपुढे टोमॅटो, मिरच्या, चीज. पहिल्यांदा गेल्यावर तू थबकशील, भाजीवाली विचारेल किती किलो. सांग तिला किती किलो. तिथला आदर तोच.

शाकाहाराचं सोपं आहे: 'बुरेक' म्हणजे मांसाचाच, ते मागू नकोस. चीजची 'सिरनित्सा', पालकाची 'झेल्यानित्सा', बटाट्याची 'क्रोम्पिरुशा'. भूक भागेल. आणि भात रोज करणार असशील तर सासूबाईंच्या वयाच्या माणसांना बोलावून वाढू नकोस. मदतीच्या पोत्यांतला तांदूळ आणि मॅकरोनी त्यांनी जन्माचा खाऊन ठेवलाय.

---

जुनाखाकी

मृण्मयीताई, मी निवृत्त पोलीस इन्स्पेक्टर. १९९९ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या पोलीस दलात, आयपीटीएफमध्ये, प्रतिनियुक्तीवर सारायेव्होला होतो. भारतातून आम्ही बरेच जण होतो. हातात शस्त्र नाही, अटकेचा अधिकार नाही. स्थानिक पोलीस नियमाने वागतात की नाही हे बघायचं आणि लिहायचं. कमरेला रिकामं वाटायचं, सवय व्हायला वेळ लागला.

वरच्या ताईंनी कागदाचं लिहिलं, त्यात भर घालतो. मी गेलो त्याच्या आदल्या वर्षी, १९९८ मध्ये, देशभर नव्या नंबरप्लेट लागू झाल्या होत्या. आधी प्लेट बघून गाडी कोणत्या भागातली ते लांबूनच कळायचं, आणि पलीकडच्या भागात गेलात की दगड नाहीतर नाकाबंदी. नव्या प्लेटवर गावाचं नाव-खूण काही नाही, आणि अक्षरं फक्त अशी निवडली जी लॅटिन आणि सिरिलिक दोन्ही लिप्यांत सारखीच दिसतात: ए, ई, जे, के, एम, ओ, टी. संपला विषय. आमचे स्थानिक सहकारी सांगायचे की त्यानंतर लोक म्हाताऱ्या आईला भेटायला, कबरी बघायला, भाजी विकायला रेषेपलीकडे जाऊ लागले. तीस वर्षांच्या नोकरीत एवढ्या स्वस्तात एवढा बंदोबस्त वाचवणारा हुकूम मी दुसरा पाहिला नाही.

घरांचं काम मात्र वाईट. कायदा झाला होता की युद्धाआधी ज्याचं घर, त्याला ते परत. ऐकायला सरळ आहे. आम्ही ग्रबावित्सात एका बेदखलीला हजर होतो. मूळ राहणारी सर्ब बाई, वय झालेली, १९९६ मध्ये तो भाग सर्बांकडून फेडरेशनकडे हस्तांतरित झाला तेव्हा निघून गेलेली. आता कागद घेऊन जिन्यात उभी. आत राहणारं कुटुंब व्हिशेग्राडहून हाकलून दिलेलं, तीन मुलं. त्यांच्या व्हिशेग्राडच्या घरात तिसरंच कुटुंब, तेही सारायेव्होच्या बाजूने पळून गेलेलं. म्हणजे एक कुलूप उघडायला तीन कुलपं उघडावी लागायची, आणि प्रत्येक ठिकाणी कुणाचा तरी चुलीवर भात शिजत असायचा. नोटिशीची मुदत संपली होती. स्थानिक पोलिसांनी काम नियमाने केलं, मी तसं लिहिलं. घरातून निघताना त्या माणसाने दिव्याची बटणं काढून घेतली, मोरीतला नळ काढून घेतला, दाराची चौकटही काढायला लागला. त्या बाईने त्याला थांबवलं नाही. शेवटी तिने विचारलं, चहा-कॉफी काही घ्याल का. घरात गॅस नव्हता, नळ नव्हता. तो नाही म्हणाला आणि ट्रकमध्ये बसला.

तरी मी म्हणेन की कायदा बरोबर होता. साधारण २२ लाख माणसं घरादारावरून उठली होती, २००४ पर्यंत त्यातली १० लाख परतल्याची नोंद झाली. हे आपोआप झालं नाही. फाइल-फाइल करून झालं.

---

मिल्यात्स्काकाठची

काका, तुम्ही ज्या इमारतींत उभे होता त्यांतच आम्ही राहतो, त्यामुळे पुढचं मी सांगते. कायदा बरोबर होता, वादच नाही. आम्हालाही घर परत मिळालं ते सत्ता बदलली म्हणून, मार्च १९९६ मध्ये, आणि आत एका खोलीत लाकडी फरशी नव्हती, कुणीतरी थंडीत जाळलेली. त्याबद्दल सासूबाईंनी कधी राग धरला नाही, कारण चेंगिच विलात त्यांनीही मावशीची पुस्तकांची कपाटं जाळली होती. आधी कपाटं, मग जुने बूट, मग पुस्तकं, या क्रमाने.

पण ती तुमची बाई, बहुतेक राहिली नसेल. आमच्या जिन्यात तशी दोन घरं होती. ताबा मिळाला, कुलूप बदललं, वर्षभरात विकलं आणि पैसे घेऊन मुलाकडे गेल्या. त्या चुकल्या असं मी म्हणत नाही. आजूबाजूला सगळे नवे चेहरे, शाळेत पुस्तकं वेगळी, दवाखान्याची चिठ्ठी रेषेपलीकडे चालत नाही. नोंदीत ते 'घर परत दिलं' असंच दिसतं. माणूस परत आला का, हा वेगळा रकाना आहे. १९९१ च्या जनगणनेत या देशात ४३ लाख ७७ हजार माणसं होती, २०१३ च्या जनगणनेत ३५ लाख ३१ हजार. आणि आता जे जातायत ते युद्धामुळे नाही जात. माझा भाचा नर्सिंग शिकला आणि जर्मनीला गेला, त्याच्या वर्गातले निम्मे तिकडेच. ही पोरं वेढ्यानंतर जन्मलेली. नोकरीसाठी कुठल्यातरी पक्षाच्या माणसाला भेटावं लागतं याला कंटाळून गेली. शंका_काढणारा, सावरणं म्हणजे काय असं मला विचाराल तर मी टॉवर मोजणार नाही. हा भाचा सुट्टीत येतो की राहायला येतो, ते बघेन.

---

जुनाखाकी

मान्य. आमच्या फॉर्ममध्ये तो रकाना नव्हता.

---

शंका_काढणारा

नंबरप्लेटचं माहीत नव्हतं. बाकी माझा मुद्दा कीव करू नये एवढाच होता, तो तुम्ही दोघांनीही मान्य केलाय असं धरून चालतो. एक विचारतो: मग तिथल्या लोकांना हे सगळं विसरायचंय की नाही?

---

मिल्यात्स्काकाठची

एका घरात दोन मतं असतात हो. ६ एप्रिल २०१२ ला, वेढ्याला वीस वर्षं झाली तेव्हा, टीटो रस्त्यावर ११,५४१ लाल खुर्च्या मांडल्या होत्या, मेलेल्या प्रत्येकासाठी एक रिकामी. छोट्या खुर्च्याही होत्या. त्यांवर लोकांनी खेळणी आणि खाऊ ठेवला. नवरा दिवसभर तिथे उभा होता. दीर त्या दिवशी मुद्दाम गाव सोडून मासे पकडायला गेला. संध्याकाळी दोघं एकाच टेबलावर जेवले, मॅचबद्दल भांडले. यातला कोण विसरला हे मला इतकी वर्षं या घरात राहूनही सांगता येत नाही.

---

मृण्मयी_पाणीवाली

तुम्हा सगळ्यांचे आभार. दोब्रिन्याचं घर नक्की केलं. आज परत कॉल झाला, मी काय काम करते ते सांगितलं, तर मालकीणबाईंनी कॅमेरा सरळ मोरीत नेला आणि टाकीखालचा एक सांधा दाखवला. पॅकिंग गेलंय, आणखी काही नाही. नात वैतागली, त्या खूश.

आता शेवटचे दोन-तीन बारीक प्रश्न. हिवाळ्यात हवा वाईट असते असं वाचलं, खरंच एवढी? डोंगरात फिरायला जाण्यात धोका आहे का, सुरुंगांचं काय? आणि भाड्याचा करार करताना काही बघायचं का?

---

मिल्यात्स्काकाठची

हवा: हो, एवढी. डिसेंबर-जानेवारीत थंड हवा खाली वाटीत अडकते, वर धुक्याचं झाकण, आणि त्यात लोक कोळसा-लाकूड जाळतात. काही दिवस जगातल्या सगळ्यात घाण हवेच्या यादीत आपण वरच्या नंबरात असतो. विमानंही धुक्याने रद्द होतात, तेव्हा जानेवारीत घाईचं तिकीट काढू नकोस. खोलीसाठी एअर प्युरिफायर घे आणि रविवारी रोपवेने ट्रेबेविचवर जा. वर लख्ख ऊन असतं आणि खाली शहराच्या जागी पांढरं सपाट काहीतरी.

सुरुंग: शहरात आणि नेहमीच्या वाटांवर चिंता नाही. पण आखलेली वाट सोडायची नाही, फुलं तोडायलाही नाही, फोटोलाही नाही. डोंगरातल्या पडक्या घरांत शिरायचं नाही. कवटीचं चित्र असलेली लाल पाटी दिसली तर आलीस त्याच पावलांनी मागे फिर. २०१४ च्या पुरात देशात बऱ्याच ठिकाणी जमीन घसरली आणि सुरुंगही जागा सोडून गेले, त्यामुळे 'इथे आधी कधी काही नव्हतं' हे कुणी सांगितलं तरी मानू नकोस. नवख्या गावात स्थानिकाला विचारूनच पाऊल टाक.

करार: भाडं परिवर्तनीय मार्कांत, म्हणजे इथल्या चलनात, लिहून घे. युरोशी दर बांधलेला आहे, १ युरोला १.९५५८३ मार्क, तेव्हा त्यात कुणाचंच नुकसान नाही. हीटिंग भाड्यात आहे की वेगळं, ते स्पष्ट विचार, हिवाळ्यात तोच मोठा खर्च. इमारतीच्या देखभालीची वर्गणी कोण भरणार तेही लिही. पत्ता पोलिसांकडे नोंदवायचा असतो, ते आल्या आल्या मालकीणबाईंना बरोबर नेऊन करून टाक. आणि पॅकिंग बदलायला जाशील तेव्हा कॉफीला किमान तासभर ठेव. तांब्याच्या जेझ्व्यातली, म्हणजे लांब दांड्याच्या छोट्या भांड्यातली असते, गाळ खाली बसल्याशिवाय प्यायची नाही. दुसऱ्या कपाला नाही म्हणालीस तरी चालतं, पहिल्याला नाही.